दावा डिफॉल्टमध्ये निघाला? आधी रोजनामा बघा, वकिलाशी नंतर भांडा

आमच्या चुलत्यांचा बांधाचा दावा सोलापूर कोर्टात सहा वर्षं चालू होता. तारखेदिवशी ते मार्केट यार्डात, कांद्याचा लिलाव दुपारपर्यंत सुरूच झाला नाही, वकील दुसऱ्या कोर्टात उलटतपासात अडकलेले, इकडे पट्टेवाल्याने पुकारा केला, कोणी नाही, दावा डिफॉल्टमध्ये निघाला, म्हणजे कोर्टाने निवाडा न करताच काढून टाकला. चुलत्यांना कळलं दीड महिन्याने, तेही समोरचा बांधावर येऊन हसत सांगून गेला तेव्हा.

असं झालं की आधी ई-कोर्ट्स ॲपवर १६ अक्षर-अंकी सीएनआर नंबर (प्रत्येक केसचा स्वतंत्र नंबर) टाका, दावा निघाल्याची तारीख बघा आणि रोजनामा (त्या तारखेला कोर्टात काय झालं त्याची नोंद), ऑर्डरची नक्कल मागवा. त्यात बघायचं एवढंच, की समोरचा त्यादिवशी हजर होता का.

दोघंही गैरहजर असाल तर जुना दावा रिस्टोअर करा, म्हणजे अर्ज देऊन परत चालू करून घ्या, किंवा दाव्याची मुदत शिल्लक असेल तर नवीन टाका. पण समोरचा हजर आणि तुम्हीच नव्हता, तर दिवाणी प्रक्रिया संहितेचा (सीपीसी) ऑर्डर ९ रूल ९ लागतो, त्याच कारणावर नवीन दावा टाकताच येत नाही. चुलते म्हणत होते जाऊ दे की, परत टाकू, स्टॅम्पचे पैसे गेले तर गेले. तसं नाही हो, तिथे रिस्टोअरचाच अर्ज.

रिस्टोअरच्या अर्जाची मुदत ३० दिवस, आणि ती दावा निघाला त्या दिवसापासून मोजतात, तुम्हाला कळलं तेव्हापासून नाही. उशीर झालाय तर लिमिटेशन ॲक्ट (मुदतीचा कायदा) कलम ५ खाली विलंब माफीचा अर्ज सोबतच द्या.

गैरहजेरीचं कारण खरं लिहा. गावात लोक सल्ला देतात की डॉक्टरचं सर्टिफिकेट आणा, पण त्यादिवशी तुम्ही यार्डात होता हे समोरच्याने दाखवलं तर सगळंच गेलं. आम्ही आडत्याची त्याच तारखेची पट्टी (कांदा विक्रीची पावती) जोडली, वकिलांनी दुसऱ्या कोर्टाच्या रोजनाम्याची नक्कल लावून स्वतःचं ॲफिडेव्हिट दिलं. समोरच्याला नोटीस निघते, त्याचं म्हणणं येतं, मग कोर्ट ठरवतं, बऱ्याचदा कॉस्ट (समोरच्याला द्यायचा खर्च) लावून मंजूर करतं. रूल ९ खालचा अर्ज नामंजूर झाला तर सीपीसीच्याच ऑर्डर ४३ खाली अपील आहे.

अजून एक, दावा निघाला की तात्पुरती मनाई (दावा चालू असेपर्यंत समोरच्याला रोखणारा कोर्टाचा हुकूम) पण त्याच्याबरोबर गेली. मधल्या काळात समोरच्याने बांध नांगरला तर अवघड, म्हणून मनाईचं काय करायचं ते पहिल्याच दिवशी वकिलाला विचारा.

नुसती तारीख चुकल्यावरच दावा निघतो असं पण नाही. समन्सचा भत्ता भरला नाही म्हणून निघतो, समन्स बजावणी न होता परत आलं आणि सात दिवसात नवीन मागितलं नाही तरी निघतो. समन्स बजावणारा बेलिफ बघेल म्हणून बसू नका.

चेक बाउन्सचं गणित वेगळं, तिथे फिर्यादी आला नाही तर आरोपी सुटू शकतो आणि त्याच मॅजिस्ट्रेटकडे रिस्टोअरचा अर्ज चालत नाही, वर जावं लागतं.

चुलत्यांचा अर्ज कॉस्ट भरून मंजूर झाला. आता तारखेदिवशी कांदा मी घेऊन जातो, ते साडेदहालाच कोर्टाच्या बाकावर, पिशवीत डबा आणि ती जुनी पट्टी.