पत्त्यांचा नवीन खेळ पटकन शिकायचाय? आधी त्याचं घराणं ओळखा

नवीन खेळ शिकताना आपण बहुतेक जण काय करतो, तर नियमांचं पान उघडतो, पहिल्या ओळीपासून वाचत सुटतो आणि पाचव्या नियमाला पोचेपर्यंत पहिला विसरलेला असतो. असं करूच नका. जगात पत्त्यांचे शेकडो खेळ असतील पण घराणी मोजकीच आहेत, आणि घराणं एकदा कळलं की निम्मे नियम तुम्हाला आधीपासूनच येत असतात.

सगळ्यात आधी कॅट किती पत्त्यांचा ते बघा. पत्ते म्हणजे ५२च हे डोक्यातून काढून टाका. इटली-स्पेनचे बरेच खेळ ४० पत्त्यांचे, जर्मनीचा स्काट ३२चा, रशियाचा दुराक ३६चा, जपानचा हानाफुदा ४८चा, मुघल गंजिफा ९६चा आणि दशावतारी गंजिफा तर १२० पत्त्यांचा, तेही गोल. घरात ५२चा कॅट आहे ना, मग यातलं बरंच काही त्यातूनच भागतं. स्काटसाठी दुर्री ते छक्की बाजूला काढा, दुराकसाठी दुर्री ते पंजी, इटालियन खेळांसाठी अठ्ठी, नव्वी, दश्शी. झालं. हानाफुदाला मात्र वेगळा कॅट घ्यावाच लागतो, कारण तिथे आकडेच नाहीत, बारा महिन्यांची बारा झाडं-फुलं आणि प्रत्येकाचे चार पत्ते. (निन्टेन्डो १८८९ मध्ये क्योटोला सुरू झाली ती हेच पत्ते बनवायला, व्हिडिओ गेम फार नंतर आले.)

हे एवढे वेगवेगळे कॅट आले कुठून? पत्त्यांचं मूळ चीनमध्ये धरतात, आणि तिथल्या जुन्या कॅटमधले रंग म्हणजे चक्क पैसे: सुटी नाणी, नाण्यांच्या माळा, मग दहा-दहा हजारांच्या रकमा. माजाँग या चिनी खेळाच्या सोंगट्यांवर आजही तेच दिसतं. पुढे इजिप्तच्या ममलुकांकडे (मध्ययुगातले तिथले राज्यकर्ते) ५२ पत्त्यांचा, चार रंगांचा कॅट होता, नाणी, चषक, तलवारी आणि पोलोच्या काठ्या. त्यातला एक इस्तंबूलच्या तोपकापी राजवाड्यात सापडलाय, थोडे पत्ते गहाळ आहेत पण रचना बघून थक्क व्हायला होतं, आपल्या हातातल्या कॅटचा पणजोबाच तो. युरोपात पत्ते पोचले १३७०च्या दशकात आणि १३७७ मध्ये फ्लोरेन्सने त्यांच्यावर बंधनंही घातली, म्हणजे आल्या आल्या लोकांना किती नाद लागला असेल बघा. इटली-स्पेनने तेच चार रंग ठेवले, फक्त पोलोच्या काठ्यांचे सोटे झाले. जर्मनांनी बदाम, पानं, ओकची फळं आणि घुंगरं घेतली. फ्रेंचांनी मात्र हुशारी केली, साधे सपाट आकार आणि फक्त लाल-काळा, त्यामुळे साचा ठेवून भराभर रंगवता यायचे, पत्ते स्वस्त झाले आणि इस्पिक-बदाम-चौकट-किलवर जगभर गेले.

इटालियन किंवा स्पॅनिश कॅट हातात आला तर राणी शोधत बसू नका. तिथे राजा, घोडेस्वार आणि शिपाई असतात. जोकर तर अगदीच अलीकडचा, १८६०च्या दशकात अमेरिकेत युकर नावाच्या खेळासाठी तो कॅटमध्ये घुसला.

आता घराणी. सगळ्यात मोठं घराणं म्हणजे हात करायचे खेळ, व्हिस्ट, ब्रिज, स्काट, ब्रिस्कोला, सुएका वगैरे. इथे फक्त तीन प्रश्न विचारा: हुकूम आहे का आणि कसा ठरतो, उतारीचा रंग द्यायलाच लागतो का, आणि शेवटी हात मोजायचे की हातांत आलेले पत्ते? तिसऱ्या प्रश्नावर लोक हमखास अडकतात. ब्रिजमध्ये हात मोजतात. पण स्काट, ब्रिस्कोला आणि पोर्तुगालचा सुएका यांत तुम्ही किती हात केले याला काडीची किंमत नाही, आत पॉइंटवाले पत्ते किती आले तेवढंच बघतात. गंमत म्हणजे तिन्हींत एका कॅटचे पॉइंट १२०च होतात, त्यामुळे ६१ झाले की डाव खिशात (स्काटचा अंतिम हिशोब वेगळा, तो नंतर शिका). ज्याला मेंढीकोट येतं त्याला हे सांगायलाच नको, तिथेही दश्श्या कोणाकडे गेल्या तेच बघतात. आणि ब्रिस्कोलात तर उतारीचा रंग हातात असला तरी द्यायची सक्ती नाही. पहिल्यांदा खेळताना हे फार विचित्र वाटतं, कोणीतरी चिडतंच.

पत्त्यांचा क्रम आधी कागदावर लिहून समोर ठेवा, खरंच सांगतो. ब्रिस्कोलात एक्क्यानंतर तिर्री मोठी, मग राजा. सुएकात एक्क्यानंतर सत्ती. स्काटमध्ये चारही गुलाम सगळ्यांच्या वर आणि दश्शी राजाला खाते. गंजिफात तर अर्ध्या रंगांत राजा-वजिरानंतर दश्शी मोठी आणि उरलेल्या अर्ध्यांत क्रम उलटा, एक्का मोठा आणि दश्शी सगळ्यात खाली.

टॅरो पण याच घराण्यातला, हो, तोच भविष्यवाल्यांचा. १४४०च्या सुमारास इटलीत कॅटमध्ये कायमचे हुकूम म्हणून जादा पत्ते घातले, भविष्य बघणं अठराव्या शतकातलं. फ्रान्समध्ये ७८ पत्त्यांनी अजून आरामात खेळतात.

दुसरं घराणं जुळवाजुळवीचं, रमी आणि तिची भावंडं. रमी येत असेल तर उरुग्वेची कानास्ता अर्ध्या तासात येते, त्यावर जास्त बोलत नाही. पैजेचे खेळही तसेच, पोकर असो नाहीतर तीन पत्ती, कुठला हात कुणापेक्षा मोठा एवढं पाठ केलं की उरतं ते तोंड बघून ओळखणं.

ज्या घराण्याची आपल्याकडच्या लोकांना फारशी ओळख नसते ते म्हणजे जमिनीवरचे पत्ते उचलायचे खेळ, म्हणून इटलीचा स्कोपा जरा नीट सांगतो, दोघांत लगेच खेळून बघा. ४० पत्ते, आपल्या घरच्या कॅटमध्ये गुलाम ८, राणी ९ (घोडेस्वाराच्या जागी), राजा १०, एक्का १. प्रत्येकी तीन वाटा आणि चार उघडे खाली मांडा. पाळी आली की एक पत्ता टाकायचा, खाली त्याच किमतीचा पत्ता असेल तर तो उचलायचा किंवा बेरीज जुळत असेल तर दोन-तीन मिळून उचलायचे. समजा खाली दुर्री, पंजी, छक्की आणि गुलाम आहे आणि तुमच्याकडे सत्ती आहे, तर दुर्री-पंजी दोन्ही तुमच्या. पण खाली एखादी सत्ती पडलेली असेल तर तीच घ्यावी लागते, बेरीज चालत नाही. काहीच जुळलं नाही तर तुमचा पत्ता खाली राहतो. हातातले संपले की परत तीन-तीन वाटायचे. खालचं सगळं एका फटक्यात साफ केलंत तर तो स्कोपा, एक पॉइंट. शेवटी जास्त पत्ते ज्याचे त्याला एक, जास्त चौकट ज्याच्या त्याला एक, चौकट सत्ती ज्याच्याकडे त्याला एक, बरोबरी झाली तर कोणालाच नाही. ११ला आधी पोचेल तो जिंकला. प्रिमिएरा नावाचा अजून एक पॉइंट असतो पण त्याचा हिशोब किचकट आहे, पहिल्या दिवशी सोडूनच द्या.

शेवटचं घराणं हात रिकामा करायचं, बदाम सात, उनो (१९७१, अमेरिका) आणि दुराक. दुराकमध्ये जिंकणारा कोणी नसतोच, शेवटी ज्याच्या हातात पत्ते उरले तो मूर्ख. सहा-सहा पत्ते, तळाचा पत्ता उघडा तो हुकूम, एकाने पत्ता टाकला की दुसऱ्याने त्याच रंगाचा मोठा किंवा हुकूम टाकून मारायचा, नाही जमलं तर पडलेले सगळे उचलायचे.

खेळ कुठलाही असो, पहिला डाव सगळ्यांनी पत्ते उघडे ठेवून खेळा आणि पाळी कुठल्या बाजूने जाते ते आधी विचारून घ्या, इटली-स्पेनच्या खेळांत बहुधा ती उजवीकडे जाते. आणि पिसताना कंजुषी नको. कॅट दोन भागांत करून पत्ते एकमेकांत फर्रकन सोडतात ना, तसं सात वेळा केलं की ५२ पत्ते पुरेसे मिसळतात, असं बायर आणि डायाकोनिस या गणितज्ञांनी १९९२ मध्ये दाखवलंय. आपण दोन-तीनदा करून वाटायला घेतो, मग आधीच्या डावातली जोडी परत एकत्रच हातात येते.