ग्रेगोरियन चांट गायला बसलाय? मग या चुका टाळा

दर वर्षी उन्हाळ्याची सुट्टी संपली की आमच्याकडे नवीन मंडळी येतात. यूट्यूबवर रात्री झोपताना चांट (कॅथलिक चर्चमधलं, सगळ्यांनी एकच ओळ गायचं जुनं लॅटिन गायन) ऐकलेला असतो, "किती शांत वाटतं ना" वगैरे, आणि दुसऱ्या-तिसऱ्या रिहर्सललाच प्रश्न येतो, पॅलेस्ट्रीना (सोळाव्या शतकातला बहुआवाजी रचनाकार) कधी करायचं? अरे बाबा, आपण सगळे मिळून एक साधी ओळ एका सुरात धड गात नाही, चार वेगवेगळ्या ओळी कुठून गाणार? मी मूळचा वसईचा, आता बरीच वर्षं इंग्लंडमधे पुरुषांच्या एका कॉयरमधे बास (सगळ्यात खालचा आवाज) गातो, आणि त्याच त्या चुका बघून बघून आता लिहूनच टाकतोय.

सगळ्यात पहिली आणि माझी सगळ्यात नावडती चूक म्हणजे पट्टी. चांटची स्वरलिपी चार रेघांची असते, डावीकडे 'दो' किंवा 'फा' ची क्लेफ, म्हणजे खूण (दो-रे-मि-फा-सोल-ला हे त्यांचे सा-रे-ग-म-प-ध). ही क्लेफ फक्त सांगते की अर्धा स्वर कुठे येतो. पियानोवरच्या सी शी तिचा काही संबंध नाही, पट्टी आपण ठरवायची. आणि इथेच लोक फसतात, कारण ते फक्त पहिला सूर बघतात.

एका नाताळात आमच्या मुख्य गायकाचा घसा बसला. दिवसाच्या मिस्साचं (चर्चमधल्या मुख्य उपासनेचं) प्रवेशगीत 'पुएर नातुस एस्त नोबिस', सातवा मोड (मोड म्हणजे आपल्या थाटासारखा प्रकार), सुरुवातच सोल वरून थेट वरच्या रे वर उडी, म्हणजे अख्खा पंचम. एक नवीन टेनर (उंच आवाजाचा गायक) म्हणाला मी सूर देतो. आवाज त्याचा चांगलाच होता, घाई त्याहून चांगली. त्याने कागदावरचा पहिला सूर बघितला, हा तर खालचाच आहे म्हणून फोनवरच्या अ‍ॅपमधून मस्त काळी पाच दिली. आता काळी पाच जर सोल, तर रे कुठे गेला? वरच्या सप्तकातल्या पांढरी चारवर. आणि हे गीत त्या रे च्या आसपासच घुटमळतं, मधला 'कान्ताते दोमिनो' चा श्लोक तर त्याच रे वर धरून म्हणायचा असतो. टेनर लोकांची चैन, आम्ही बास मात्र माना वर करून बोंबलतोय, एकजण गुपचूप खालच्या सप्तकात उतरला, त्याच्या शेजारचा नुसते ओठ हलवायला लागला आणि फादर धुपाच्या ढगातून आमच्याकडे बघत बघत आत आले. बरं, श्लोक संपला की प्रवेशगीत पुन्हा पहिल्यापासून म्हणायचं असतं. तोपर्यंत सगळे मिळून अर्धा स्वर खाली घसरलो होतो, तेवढीच काय ती देवाची कृपा.

यावर माझी सवय सांगतो. आधी अख्ख्या गीतातला सगळ्यात वरचा सूर बघायचा, मग पठणाचा सूर, म्हणजे ज्या एका सुरावर श्लोक धरून म्हणायचा तो. पहिल्या मोडमधे तो ला असतो, दुसऱ्यात फा, आठव्यात दो, सातव्यात रे. तो पठणाचा सूर साधारण पांढरी सहावर ठेवायचा, बास जरा जास्त असतील तर पांढरी पाच. मग तिथून मोजत खाली पहिल्या सुरावर यायचं. म्हणजे वरच्या गीतात रे ला पांढरी सहा धरली की सुरुवात येते पांढरी दोनवर, सगळे सुखी. माझ्या खिशात ४४० चा ट्युनिंग फोर्क असतो, तो गुडघ्यावर आपटून दांडी कानामागच्या हाडाला टेकवली की ती पांढरी सहा मला एकट्यालाच ऐकू येते, चर्चमधे फोन पेटवायची गरज नाही. अ‍ॅपवाल्यांना हे जुनाट वाटतं, वाटू दे.

हीच भानगड पॉलिफनीत, म्हणजे वेगवेगळ्या ओळी एकाच वेळी गायच्या त्या रचनांमधे. सोळाव्या शतकातल्या बऱ्याच रचना 'उंच क्लेफ' च्या जोडीत लिहिलेल्या असतात आणि त्या साधारण चार सूर खाली उतरवून गायच्या असत. इंटरनेटवरून फुकटची प्रत उतरवायची, वरच्या ओळीची मूळ क्लेफ बघायची नाही आणि मग "आपल्याकडे काउंटरटेनर (सगळ्यात उंच गाणारे पुरुष) कमी आहेत" म्हणून रडायचं. काउंटरटेनर नाही, डोकं कमी पडलंय.

दुसरी चूक वेस्पर्सला, म्हणजे संध्याकाळच्या प्रार्थनेला होते. स्तोत्राच्या प्रत्येक ओळीच्या मधे एक फुली (*) छापलेली असते. 'दिक्सित दोमिनुस दोमिनो मेओ', फुली, 'सेदे आ देक्स्त्रिस मेइस'. त्या फुलीवर थांबायचं असतं. खरंच थांबायचं, नुसता श्वास चोरून पुढे पळायचं नाही. आणि ओळ संपली की समोरच्या बाजूने लगेच पुढची ओळ उचलायची, तिथे थांबायचं नाही. नवीन लोक बरोब्बर उलटं करतात, फुलीवर घाई आणि ओळीच्या शेवटी निवांत, मग दोन बाजूंचं स्तोत्र अडखळत चालतं. दगडी चर्चमधे तुमच्या अर्ध्या ओळीचा घुमारा विरायला वेळ लागतो, तो विरायच्या आत पुढचा शब्द टाकला की नुसता काला होतो. आमच्यात एक गृहस्थ आहेत जे दर रविवारी त्या शांततेत एकटेच 'से...' म्हणून मोकळे होतात, आणि मग सगळ्यांकडे रागाने बघतात, जणू आम्हीच उशीर केला. मी फुलीवर मनात 'दोमिने' म्हणतो, सावकाश, तीन अक्षरं, मग सुरू. स्टॉपवॉच नको, कंडक्टरच्या हाताकडे टक लावून बघणंही नको. शेजाऱ्याचा श्वास ऐका, सगळे एकदम घेतात तो.

चौकोनी सुरांच्या वाचनाबद्दल थोडक्यात. दोन सूर एकावर एक असतील तर खालचा आधी. पोरेक्टुसमधली (खाली जाऊन परत वर येणारे तीन सूर) ती जाड तिरकी रेघ म्हणजे मींड नाही, तिची फक्त दोन टोकं गायची. किलिस्मा (दातेरी सूर) दिसली की आवाज थरथरवू नका, तिच्या आधीचा सूर जरा लांबवा, फ्रान्समधल्या सोलेमच्या मठाची पद्धत हीच आणि आम्हीही तीच वापरतो. ओळीच्या शेवटी जो बारीक सूर असतो तो पुढच्या ओळीचा पहिला सूर कुठला एवढं सांगायला छापलाय, तो गायचा नाही, आणि हो, दर वर्षी कोणीतरी गातंच.

हरकती-मुरक्या घरी ठेवून या. व्हायब्रॅटो पण.

उच्चार. इंग्रजांसारखं 'डॉमिनस' म्हणणारे मराठी लोक पाहिले की मला कळत नाही हसावं का रडावं, कारण आपल्याकडे दंत्य त आणि द आयते आहेत ज्यासाठी इथले लोक महिनोन्महिने झगडतात. देवनागरीत लिहून घ्या: दोमिनुस, आन्युस देई, ग्रात्सिआ, इन एक्शेल्सिस. 'मिही' लिहिलेलं असेल तिथे मिकी. फक्त एक सांभाळा, आपला पायमोडका 'अ' लॅटिनमधे नाही, जिथे रोमन a लिहिलाय तिथे पूर्ण 'आ'. वसईत जुन्या पिढीला 'तांतुम एर्गो' पाठ असायचं, त्यांचे स्वर आमच्यातल्या कित्येकांपेक्षा स्वच्छ होते.

सूर खाली घसरतो म्हणून रिहर्सलला कीबोर्ड वाजवत ठेवणं हा शॉर्टकट मला अजिबात मान्य नाही. कीबोर्डवरचा मोठा गांधार शुद्ध गांधारापेक्षा जवळजवळ १४ सेंट चढा असतो, त्याला चिकटून गायची सवय लागली की बर्ड या जुन्या इंग्रज रचनाकाराच्या मिस्सामधला शेवटचा कॉर्ड कधीच जुळणार नाही. घसरण बहुतेक वेळा एकाच सुरावर लांब पठण करताना होते, तिथे लक्ष सुटतं. मी घरी तंबोऱ्याचं अ‍ॅप लावून सराव करतो, मोडच्या शेवटच्या सुरावर षड्ज ठेवून. कॉयरमधल्या शुद्धतावाद्यांना हे आवडत नाही, पण त्यांचे मि-फा (तो अर्धा स्वर) माझ्यापेक्षा ढिले आहेत.

पॉलिफनीत बार लाइन्स छापलेल्या दिसतात त्या आजच्या संपादकाने घातलेल्या, जुन्या वह्यांमधे नव्हत्या, तेव्हा दर बारच्या पहिल्या ठोक्यावर दणका देऊ नका, जोर शब्दाच्या आघातावर. सुराच्या डोक्यावर बारीक शार्प-फ्लॅट असेल तर तोही संपादकाचा सल्ला आहे, पाळायचा की नाही ते सगळ्यांनी मिळून ठरवा, नाहीतर एक टेनर शार्प गातो आणि दुसरा नाही आणि दोघांना वाटतं आपणच बरोबर. टॅलिस या इंग्रज रचनाकाराच्या लॅमेंटेशन्समधे (बायबलमधली विलापगीतं) 'आलेफ', 'बेथ' ही नुसती हिब्रू अक्षरं आहेत म्हणून लोक ती गुंडाळतात. त्या अक्षरांवर टॅलिसने जे संगीत लिहिलंय ते ऐकलंय का कधी नीट? तिथे घाई केलेली मला सहन होत नाही.

आणि ज्यांना खरंच पॉलिफनीची घाई आहे त्यांनी पॅलेस्ट्रीनाच्या आधी द्युफे या त्याच्याहून जुन्या रचनाकाराचं 'आवे मारिस स्तेल्ला' घ्यावं. एक कडवं चांटमधे, पुढचं तीन आवाजात, परत चांट, असं आलटून पालटून. तीन आवाजांमधला एक तर लिहिलेलाही नसतो, वरच्या ओळीच्या चार सूर खालून तसाच चालतो. चांटचं कडवं घसरलं तर तीन आवाजांचं कडवं लगेच चुगली करतं. आम्ही नवीन लोकांना आता तेच देतो. येताना पेन्सिल आणा, पेन नको, प्रती कॉयरच्या आहेत.