क्रोमचा रस्ता उतरवताना

इंग्रज चित्रकार जॉन क्रोमचं ‘माउसहोल्ड हीथ, नॉरिच’ हे तैलचित्र लंडनच्या टेट या कलासंग्रहालयात आहे, साधारण १८१८ ते १८२० मधलं. (नॉरिचच्या स्पेलिंगमधला डब्ल्यू बोलताना गिळायचा.) इंग्लंडमधल्या नॉरिच शहराला लागून असलेलं हे मोकळं माळरान. चित्रात खाली अंधारलेली रानझुडपं, मागे उजळ चढ, त्यावरून गेलेली वाट आणि वर भरपूर आभाळ.

मी ते पहिल्यांदा उतरवलं तेव्हा दोन रेघा मारून मध्ये पिवळा रंग भरला. मुलगी म्हणाली, “आई, घसरगुंडी छान आलीय.” तिचं बरोबर होतं. रस्ता आडवा पडलेलाच नव्हता, उभा टेकवलेला होता.

म्हणून आता रस्त्याच्या कडा मी काढतच नाही. रॉ अंबरमध्ये (मातकट तपकिरी) थोडा यलो ओकर (मातकट पिवळा) घालून, टर्पेंटाइनने पातळ करून सगळा कॅनव्हास माखायचा आणि चिंधीने पुसून घ्यायचा. वाळला की आधी आभाळ. उजेड कुठून येतोय ते तिथेच ठरतं, त्याशिवाय मातीचा रंग ठरत नाही.

मग जमीन. इथे घाई नको. ब्रशचे फटकारे रस्त्याच्या लांबीने मारले की घसरगुंडी झालीच समजा. चपटा ब्रश घ्या आणि वाटेवर आडवे, तुटक फटकारे मारा. जवळचे रुंद आणि जाड, लांबचे बारीक. चाकोऱ्या मागाहून, त्याही सलग नकोत. गाडीचं चाक मऊ मातीत रुततं, कडक जमिनीवर नुसतं घासून जातं, म्हणून चाकोरी मध्येच पुसट होते. उंचवटा आला की वाट सरळ तोडायची आणि पलीकडे एकदम अरुंद करून पुन्हा सुरू करायची. मधला खळगा रंगवावाच लागत नाही, डोळा आपोआप भरून घेतो. लांबची वाट फिकी करायला नुसता पांढरा घातला तर खडूसारखी दिसते. कणभर अल्ट्रामरिन निळाही घाला. झुडपं शेवटी, गडद. ती असली की उजळ चढ मागे सरकतो.

क्रोमने तरुणपणी नॉरिचमध्येच घोडागाड्या आणि दुकानांच्या पाट्या रंगवणाऱ्याकडे सात वर्षं उमेदवारी केली. गाड्या रंगवलेल्या माणसाला चाकाची खूण कळत असणारच, असं मला आपलं वाटतं.

एक मोह मात्र टाळा. दुसऱ्या खेपेला मी क्षितिजावर नॉरिच कॅथेड्रलचा कळस घातला. खरा कळस ९६ मीटर उंच, माझा जेमतेम बोटभर, तरी बघणारा प्रत्येक जण आधी तिकडेच बघायचा. पॅलेट नाइफने, म्हणजे रंग कालवायच्या सुरीने, खरवडून काढला. क्रोमने शहर दाखवलेलंच नाही.

माणूस घालायचाच असेल तर एकच, छोटा. तुम्ही उभं राहून बघताय असं धरलं, तर सपाट जमिनीवर उभ्या माणसाचं डोकं क्षितिजाच्या रेषेला येतं, तो जवळ असो की लांब. चढावर असेल तर वर जाईल.

वाळायला ठेवताना कॅनव्हास उलटा करून बघा. उलट्यातही वाट आडवी पडलेली दिसली तर ब्रश धुवायला घ्या. माझी तिसऱ्या खेपेला पडली, तीही अर्धीच.