कूळकायद्याच्या कलम 43 चा अर्ज तहसीलला अडकलाय? हायकोर्टात जायच्या आधी फाईल अशी बांधा

मी महसूल खात्यात अव्वल कारकून होतो. निवृत्तीनंतर करवीर, पन्हाळा, राधानगरीकडचे शेतकरी कागद घेऊन घरी येतात, त्यात निम्मे अर्ज एकाच प्रकारचे: कूळकायद्याने मिळालेली जमीन वर्ग 2 (विकायला सरकारी परवानगी लागणारी) मधून वर्ग 1 (मालकाला मोकळेपणानं विकता येणारी) करायची आहे आणि अर्ज तहसीलला पडून आहे.

कायदा इथं सरळ आहे. 2014 च्या दुरुस्तीनंतर, कुळाच्या खरेदीला 10 वर्षं झाली असतील तर शेतसाऱ्याच्या 40 पट नजराणा (सरकारला द्यायची रक्कम) भरायचा. मग विक्रीला वेगळी परवानगी लागत नाही. सातबाऱ्यावर आकार, म्हणजे शेतसारा, 6 रुपये 25 पैसे असेल तर नजराणा होतो 250 रुपये. अडीचशे रुपयांच्या चलनासाठी म्हातारी माणसं हेलपाटे घालतात, याची मला मनापासून चीड येते. (देवस्थान इनाम, वतन आणि पुनर्वसनाच्या जमिनींचे नियम निराळे आहेत. त्यांना हा हिशेब लावू नका.)

विलंबाविरुद्ध खरा उपाय म्हणजे राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली रिट याचिका, म्हणजे सरकारी अधिकाऱ्याविरुद्ध थेट हायकोर्टात मागायची दाद. दिवाणी दाव्याच्या नादी लागू नका. तिथं आधी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 80 ची सरकारला दोन महिन्यांची नोटीस, मग अधिकारक्षेत्राची हरकत, आणि फाईल जिथल्या तिथं. पण रिटमध्येही सरकारी वकिलाचं पहिलं वाक्य ठरलेलं असतं: ‘अर्ज अपूर्ण होता.’ तुमची सगळी तयारी या एका वाक्याला उत्तर म्हणून करायची.

अर्जासोबत चालू सातबारा, आठ अ, कुळाचं नाव लागल्यापासूनचे फेरफार आणि कूळकायद्याच्या कलम 32 म चं (कुळानं जमीन खरेदी केल्याचं) प्रमाणपत्र जोडा. जोडलेल्या कागदांची यादी अर्जातच लिहा आणि तुमच्या प्रतीवर आवक क्रमांक, तारीख, शिक्का घेतल्याशिवाय टेबल सोडू नका. ‘साहेबांकडं दिलंय, बघतो’ याला कोर्टात किंमत नाही. त्रुटीचं पत्र आलं तर मुद्द्यागणिक लेखी उत्तर द्या, त्याचीही पोच घ्या. त्रुटी तोंडी सांगितली तर ‘आज मला अमुक कागद मागितला, तो सोबत देत आहे’ असं पत्र त्याच दिवशी आवकला लावा.

नंतर माहितीचा अधिकार. 10 रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावून एवढंच विचारा: माझा अर्ज कोणत्या तारखेपासून कोणत्या टेबलावर आहे, आणि त्यावरच्या टिपणीच्या नकला द्या. 30 दिवसांत उत्तर द्यावं लागतं. टिपणी हाती आली की फाईल कुठं आणि किती थांबली ते त्यांच्याच अक्षरात मिळतं. याचिकेत याहून भक्कम पुरावा नसतो, हे मी टेबलाच्या पलीकडं बसून पाहिलंय.

मग तहसीलदारांना अखेरचं मागणीपत्र नोंदणीसह स्पीड पोस्टानं पाठवा, प्रत जिल्हाधिकाऱ्यांना. 2005 च्या विलंब प्रतिबंध कायद्याच्या कलम 10 चा उल्लेख करा. त्यात सर्वसाधारणपणे कोणतीही फाईल एका कर्मचाऱ्याकडं सात कामकाजाच्या दिवसांपेक्षा जास्त राहू नये असं म्हटलंय. मागणी केली आणि दाद मिळाली नाही, हे दिसल्याशिवाय परमादेश (अधिकाऱ्याला त्याचं काम करायला लावणारा कोर्टाचा हुकूम) मागता येत नाही.

पूर्वी यापुढं महालक्ष्मी एक्स्प्रेसनं मुंबई गाठावी लागे. 18 ऑगस्ट 2025 पासून मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच कोल्हापुरातच, सीपीआर रुग्णालयासमोरच्या जुन्या कोर्टाच्या इमारतीत सुरू झालंय. सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्गचे लोकही इथंच येतात.

याचिकेत ‘जमीन वर्ग 1 करून द्या’ यावर अडून बसू नका. ‘माझा अर्ज ठरावीक आठवड्यांत, मला ऐकून घेऊन, कारणांसहित निकाली काढा’ अशी मागणी वकिलांना ठळक लिहायला सांगा. ती कोर्टाला सहज मान्य करता येते. निर्णय विरोधात गेला तरी हातात लेखी आदेश येतो आणि त्यावर अपील करता येतं. मात्र मुदत चुकवू नका, सही-शिक्क्याची नक्कल लगेच मागा.

महिला आणि अनुसूचित जाती-जमातीच्या अर्जदारांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळू शकतो. जिल्हा न्यायालयाच्या आवारातल्या विधी सेवा प्राधिकरणात चौकशी करा.

हायकोर्टाचा आदेश मिळाला की त्याची प्रत स्वतः तहसीलच्या आवकला द्या आणि तारीख लिहून ठेवा. मुदत टळूनही निर्णय नसेल तर अवमान याचिका करता येते, पण ती अवमान घडल्यापासून एक वर्षाच्या आत दाखल व्हायला हवी.