वारसनोंदीत पत्नीचे आणि लेकींचे नाव लावताना

निंदणी, खुरपणी, वेचणी बाईच्या हातची, पण सातबाऱ्यावर नाव वडिलांचे, नवऱ्याचे किंवा मुलाचे, ही आपल्या गावांतील जुनी घडी आहे. नाव नसल्यामुळे पीककर्ज किंवा नुकसानभरपाई मागताना तीच बाई शेतकरी ठरत नाही. खातेदाराच्या निधनानंतरची वारसनोंद ही घडी बदलण्याची पहिली संधी असते.

हिंदू उत्तराधिकार कायद्यानुसार, जो बौद्ध, जैन आणि शीख कुटुंबांनाही लागू आहे, पत्नी, आई, मुलगा आणि मुलगी हे सारे पहिल्या वर्गाचे वारस आहेत. वडिलोपार्जित मिळकतीत मुलीला जन्मतः हक्क देणारी दुरुस्ती ९ सप्टेंबर २००५ पासून लागू झाली, आणि त्या दिवशी वडील हयात असण्याची अट नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने ११ ऑगस्ट २०२० रोजी स्पष्ट केले. लग्नामुळे हा हक्क जात नाही.

निधनानंतर तीन महिन्यांच्या आत मृत्यूचा दाखला आणि सर्व वारसांची नावे, वये व पत्ते लिहिलेले प्रतिज्ञापत्र जोडून तलाठ्याकडे अर्ज द्यावा आणि पोच घ्यावी. यादीतून सासरी गेलेल्या बहिणींची नावे गाळली जाण्याची शक्यता मोठी असते, म्हणून प्रतिज्ञापत्र त्यांनी स्वतः वाचावे. फेरफाराची नोटीस निघाल्यावर हरकतीसाठी पंधरा दिवस मिळतात. नाव नसल्यास याच मुदतीत लेखी हरकत घ्यावी. मंडळ अधिकाऱ्याने नोंद प्रमाणित केल्यावर नवा सातबारा काढून तपासावा.

खरी कसोटी लागते ती हक्कसोडपत्रावर. भावाशी नाते तुटेल, माहेर बंद होईल, या धास्तीने बहिणी दुय्यम निबंधकाकडे जाऊन सही करतात, आणि नोंदणी झालेले हे पत्र पुढे न्यायालयात जाऊन, फसवणूक किंवा दबाव सिद्ध करूनच रद्द करून घ्यावे लागते. दुःखाच्या दिवसांत अशी सही मागणे मला अन्यायाचे वाटते. हक्क सोडायचाच असेल, तर तो कोणाच्या नावे आणि किती क्षेत्राचा, हे मसुद्यात वाचून, स्वतःच्या वकिलाला दाखवून मगच ठरवावे. नाव लावणे म्हणजे वाटणी मागणे नव्हे, हे भावालाही शांतपणे सांगता येते: नोंद झाली तरी जमीन सामाईकच राहते, आणि वाटप हवे असल्यास सर्वांच्या संमतीने तहसीलदारांकडे वेगळा अर्ज करावा लागतो.