गेमचा फोल्डर हलवल्यानंतर मॉड मॅनेजरमधील पत्ता कसा बदलावा

डिस्क भरत आली की एखादा मोठा गेम दुसऱ्या ड्राइव्हवर हलवण्याचा विचार मनात येतो. गेम नुसता असेल तर हे काम दोन-चार क्लिकमध्ये होते. त्याच गेमवर मॉड मॅनेजरमार्फत (मॉड लावणाऱ्या-काढणाऱ्या प्रोग्रॅममार्फत) शे-दीडशे मॉड, म्हणजे खेळाडूंनी बनवलेले गेममधील बदल, चढवलेले असतील, तर मात्र ते तितके सरळ राहत नाही, कारण गेमचा पत्ता एकाच ठिकाणी नोंदलेला नसतो. स्टीमसारख्या, गेम विकत घेऊन उतरवण्याच्या क्लायंटकडे त्याची एक नोंद असते, विंडोजच्या रजिस्ट्रीत (सेटिंगच्या नोंदवहीत) दुसरी, मॉड मॅनेजरकडे तिसरी, आणि मॅनेजरमधून चालवल्या जाणाऱ्या छोट्यामोठ्या साधनांकडे आपापली वेगळी. यांपैकी एकच नोंद बदलून बाकीच्या तशाच ठेवल्या, तर गेम सुरू होतो, पण मॉड दिसत नाहीत, किंवा मॉड दिसतात आणि एखादे साधन मात्र ‘गेम सापडला नाही’ असे सांगून बंद पडते.

पुढील मांडणी विंडोजवर स्टीममधून घेतलेल्या ‘स्कायरिम स्पेशल एडिशन’ या २०१६ सालच्या गेमला धरून केली आहे, कारण मॉड मॅनेजर वापरणाऱ्यांपैकी बऱ्याच जणांची सुरुवात याच गेमपासून होते. मॅनेजर म्हणून व्हॉर्टेक्स आणि मॉड ऑर्गनायझर २ हे दोन घेतले आहेत. दुसरा गेम असेल तर फाइलींची नावे बदलतील, कामाचा क्रम तोच राहील. हा क्रम पाळणे पत्ता बदलण्याइतकेच महत्त्वाचे आहे.

आधी आपला मॅनेजर मॉड कुठे ठेवतो ते पाहा

व्हॉर्टेक्स प्रत्येक मॉड ‘स्टेजिंग फोल्डर’ नावाच्या स्वतःच्या फोल्डरात उलगडून ठेवतो आणि ‘डिप्लॉय’ केल्यावर त्या फाइली गेमच्या ‘डेटा’ फोल्डरात हार्डलिंकच्या रूपाने आणतो. हार्डलिंक म्हणजे डिस्कवरच्या एकाच मजकुराला दिलेली दोन नावे. फाइल दोन ठिकाणी दिसते, पण जागा एकदाच व्यापते. (एक्सप्लोरर मात्र दोन्ही फोल्डरांचे आकारमान मोजताना ती दोनदा धरतो, त्यामुळे डिस्क प्रत्यक्षापेक्षा जास्त भरली आहे असा अनेकांचा समज होतो.) या पद्धतीच्या दोन अटी आहेत. दोन्ही फोल्डर एकाच पार्टिशनवर (डिस्कच्या ‘सी’, ‘डी’ अशा एकाच भागावर) असले पाहिजेत आणि ते पार्टिशन एनटीएफएस या, विंडोजच्या नेहमीच्या पद्धतीचे असले पाहिजे. एक्सफॅट किंवा फॅट३२ पद्धतीने फॉरमॅट केलेल्या ड्राइव्हवर हार्डलिंक तयारच होत नाहीत.

मॉड ऑर्गनायझर २ गेमच्या फोल्डरात मॉडच्या फाइली टाकतच नाही. मॉड वेगळ्या फोल्डरात राहतात आणि गेम चालू असेपर्यंतच, एका आभासी फाइलव्यवस्थेद्वारे, ते ‘डेटा’ फोल्डरात असल्यासारखे गेमला भासवले जातात. म्हणून या मॅनेजरच्या बाबतीत स्थलांतर बरेच हलके जाते. व्हॉर्टेक्सच्या बाबतीत मात्र पुढची पायरी कधीही गाळू नये.

पहिली पायरी: हलवण्यापूर्वी ‘पर्ज’

व्हॉर्टेक्समध्ये ‘मॉड्स’ पानावर वरच्या पट्टीत ‘पर्ज मॉड्स’ हे बटण आहे. त्याने मॉड पुसले जात नाहीत. गेमच्या फोल्डरात आणलेल्या लिंक तेवढ्या काढल्या जातात, स्टेजिंग फोल्डरातील मूळ फाइली जागच्या जागी राहतात आणि कोणते मॉड चालू आहेत ही यादीही तशीच राहते. नावाला घाबरून पुष्कळ जण या बटणापासून दूर राहतात. ती भीती अनाठायी आहे.

पर्ज न करता गेम हलवला तर काय होते, हे मी एकदा स्वतःच्या घाईमुळे अनुभवले आहे. ‘सी’ ड्राइव्हवरचा गेम ‘डी’वर नेताना मी थेट फोल्डरच उचलला. हार्डलिंक एका पार्टिशनवरून दुसऱ्यावर जाऊ शकत नाही, त्यामुळे नकल होताना प्रत्येक लिंकची स्वतंत्र, पूर्ण आकाराची फाइल तयार झाली. गेम झकास चालला. चार दिवसांनी पाण्याचा पोत बदलणारा एक मॉड मी मॅनेजरमध्ये बंद केला, तरी नदीचे पाणी जसेच्या तसे हिरवट. मॉड काढून टाकला, तरीही हिरवट. ती फाइल आता मॅनेजरची राहिलीच नव्हती, ‘डेटा’ फोल्डरात पडलेली ती एक बेवारस फाइल होती. शेवटी तो फोल्डर रिकामा करून गेम नव्याने उतरवून घ्यावा लागला, आणि वाचवायला गेलेला वेळ चौपट खर्च झाला.

पर्ज झाल्यावर गेमचा मुख्य फोल्डर आणि त्यातील ‘डेटा’ फोल्डर उघडून पाहावे. गेमच्या मूळ फाइली तेवढ्या उरलेल्या दिसल्या पाहिजेत. त्यांच्यासोबत आणखी काही उरले असेल, तर ते बहुधा आपण कधीतरी हाताने टाकलेले असते. गेमच्या मुख्य फोल्डरात ठेवलेला स्क्रिप्ट एक्स्टेंडरचा (मॉडना जादा क्षमता देणाऱ्या जोडणीचा) लोडर, त्याच्या डीएलएल फाइली किंवा ईएनबी या दृश्ये सुधारणाऱ्या साधनाच्या फाइली या प्रकारात येतात. त्यांची यादी करून ठेवावी आणि हलवाहलवीनंतर त्या नव्या जागी पोहोचल्या आहेत की नाहीत ते पडताळून पाहावे.

दुसरी पायरी: गेम हलवणे

मॅनेजर पूर्णपणे बंद करावा. स्टीममध्ये ‘सेटिंग्ज’मधील ‘स्टोरेज’ या भागात नव्या ड्राइव्हवर लायब्ररी जोडून घ्यावी. मग लायब्ररीत गेमच्या नावावर राइट क्लिक करून ‘प्रॉपर्टीज’, त्यात ‘इन्स्टॉल्ड फाइल्स’ आणि तेथील ‘मूव्ह इन्स्टॉल फोल्डर’ निवडावे. फोल्डर एक्सप्लोररमधून हाताने ओढून नेण्यापेक्षा हा मार्ग बरा, कारण स्टीमची स्वतःची नोंद त्यात आपोआप बदलते. फोल्डर आधीच हाताने हलवून झाला असेल तरी बिघडत नाही. तो नव्या लायब्ररीतील ‘स्टीमॲप्स’मधील ‘कॉमन’ या फोल्डरात ठेवावा, स्टीममध्ये गेम इन्स्टॉल करण्याची आज्ञा द्यावी आणि जागा म्हणून तीच लायब्ररी निवडावी. स्टीम तेथील फाइली ओळखतो आणि कमी असतील तेवढ्याच उतरवून घेतो.

सेव्ह केलेले खेळ आणि गेमच्या आयएनआय फाइली (सेटिंग साठवणाऱ्या मजकूर-फाइली) या हलवाहलवीत येत नाहीत. त्या ‘डॉक्युमेंट्स’मधील ‘माय गेम्स’ या फोल्डरात असतात आणि तेथेच राहिल्या पाहिजेत. तरीही सेव्हची एक नकल बाजूला काढून ठेवायला कोणी मनाई केलेली नाही.

तिसरी पायरी: गेमचा मूळ लाँचर एकदा चालवणे

ही पायरी सर्वांत लहान आहे, आणि नंतर ‘साधन चालत नाही’ म्हणून डोके धरून बसलेल्या बहुतेकांनी हीच गाळलेली असते. स्कायरिम बनवणाऱ्या बेथेस्डा कंपनीचे गेम आपला पत्ता विंडोजच्या रजिस्ट्रीत ‘इन्स्टॉल्ड पाथ’ या नावाने नोंदवतात आणि एसएसईएडिटसारखी (मॉडच्या फाइली तपासून दुरुस्त करणारी) साधने गेम शोधताना तीच नोंद वाचतात. स्टीमने फोल्डर हलवला तरी ही नोंद जुनी राहू शकते. स्टीममधून गेमचा मूळ लाँचर एकदा उघडला की ती नव्या जागेनुसार लिहिली जाते. लाँचर उघडावा, ग्राफिक्सची निवड करायला सांगितल्यास ती करावी आणि बंद करावा. लाँचरने आयएनआय फाइलींमधील ग्राफिक्सची मूल्ये बदलण्याची शक्यता असते, म्हणून त्या फाइलींत आपण हाताने फेरफार केलेले असतील तर त्यांची नकल आधीच काढून ठेवावी. रजिस्ट्री स्वतः उघडून दुरुस्त करण्याची गरज सहसा पडत नाही, आणि सवय नसेल तर तिला हात न लावलेलाच बरा.

चौथी पायरी: मॅनेजरला नवा पत्ता देणे

व्हॉर्टेक्समध्ये ‘गेम्स’ पानावर जावे. आपल्या गेमच्या चौकटीत तीन ठिपक्यांचा मेनू आहे, त्यात ‘मॅन्युअली सेट लोकेशन’ हा पर्याय मिळतो. तो निवडून गेमचा मुख्य फोल्डर दाखवावा, म्हणजे ज्यात गेमची ईएक्सई फाइल थेट दिसते तो. येथे ‘डेटा’ हा आतला फोल्डर दाखवण्याची चूक वारंवार होते. मॉड तेथेच जातात, म्हणून तोच पत्ता असेल असे वाटते. प्रत्यक्षात व्हॉर्टेक्स निवडलेल्या फोल्डरात गेमच्या ओळखीच्या फाइली शोधतो.

गेम दुसऱ्या पार्टिशनवर गेला असेल तर स्टेजिंग फोल्डरही त्याच्या मागोमाग न्यावा लागतो, नाहीतर हार्डलिंकने डिप्लॉय होणार नाही. ‘सेटिंग्ज’मधील ‘मॉड्स’ या टॅबवर स्टेजिंग फोल्डरचा पत्ता दिसतो. शेजारचे ‘सजेस्ट’ बटण गेम असलेल्या ड्राइव्हवरचीच एक योग्य जागा सुचवते आणि ‘अप्लाय’ केल्यावर व्हॉर्टेक्स सर्व मॉड स्वतः तिकडे नेतो. मॉड पुष्कळ असतील तर याला बराच वेळ लागतो. पट्टी हलत नाही म्हणून मध्येच प्रोग्रॅम बंद करू नये. नवी जागा निवडताना ती गेमच्या फोल्डरात किंवा व्हॉर्टेक्सच्या स्वतःच्या फोल्डरात येणार नाही, याची काळजी घ्यावी.

हे काम व्हॉर्टेक्सकडून न करवता स्टेजिंग फोल्डर कोणी हाताने हलवला, तर पुढच्या वेळी प्रोग्रॅम उघडताच फोल्डर हरवल्याची सूचना येते. त्या सूचनेत नव्याने सुरुवात करण्याचा पर्याय असतो आणि घाईत तोच दाबला जातो. तो दाबल्यास रिकामा स्टेजिंग फोल्डर तयार होतो आणि मॅनेजरच्या लेखी आपले सर्व मॉड संपतात. त्याऐवजी ‘ब्राउझ’ निवडून हलवलेला फोल्डर दाखवावा. तो बाहेरच्या ड्राइव्हवर असेल आणि ड्राइव्ह जोडलेलीच नसेल, तर व्हॉर्टेक्स बंद करून आधी ती जोडावी.

सारे जागेवर आल्यावर ‘डिप्लॉय मॉड्स’ दाबावे.

मॉड ऑर्गनायझर २ उघडल्यावर जुन्या जागी गेम सापडला नाही, तर तो स्वतःच नवी जागा विचारतो. विचारले नाही, तर ‘सेटिंग्ज’मधील ‘पाथ्स’ टॅबवर व्यवस्थापित गेमचा पत्ता बदलता येतो. तिसरा मार्ग ‘मॉडऑर्गनायझर’ याच नावाच्या आयएनआय फाइलीचा आहे. पोर्टेबल पद्धतीने (सर्व काही प्रोग्रॅमच्याच फोल्डरात ठेवून) वापरत असल्यास ही फाइल प्रोग्रॅमच्या शेजारीच असते, एरवी ती ‘ॲपडेटा’मधील ‘लोकल’ या फोल्डरात त्या इन्स्टन्सच्या (मॅनेजरमधील त्या गेमच्या मांडणीच्या) नावाखाली सापडते. नोटपॅडमध्ये उघडल्यावर ‘गेमपाथ’ या शब्दाने सुरू होणारी ओळ दिसेल. तिच्यात फोल्डरांच्या नावांमध्ये एक नव्हे तर दोन उलट्या तिरप्या रेषा असतात. नवा पत्ता लिहितानाही त्या दोनच ठेवाव्यात, कारण एक्सप्लोररमधून उचललेल्या पत्त्यात एकच असते आणि तो तसाच चिकटवला तर मॅनेजरला वाचता येत नाही. ही दुरुस्ती मॅनेजर बंद असतानाच करावी. तो चालू असेल तर बंद होताना आपली जुनी माहिती फाइलीत परत लिहितो आणि केलेले काम पुसले जाते.

पाचवी पायरी: साधनांचे पत्ते

मॅनेजरने पत्ता स्वीकारला म्हणजे काम संपले, असे वाटण्याची हीच वेळ असते. मॉड ऑर्गनायझर २ मध्ये उजवीकडे वरच्या बाजूला, ‘रन’ बटणाच्या शेजारी, प्रोग्रॅमांची यादी असते. तिच्यातील ‘एडिट’वर जाऊन प्रत्येक नोंद उघडावी. ‘बायनरी’ या रकान्यात त्या साधनाच्या ईएक्सई फाइलीचा आणि ‘स्टार्ट इन’ या रकान्यात ते ज्या फोल्डरातून चालते त्याचा पत्ता असतो. पहिला बदलला आणि दुसरा विसरला, असे फार वेळा होते. स्क्रिप्ट एक्स्टेंडरचा लोडर गेमच्या फोल्डरातच राहतो, त्यामुळे त्याची नोंद जवळपास नेहमीच तुटते आणि गेम सुरू होण्याआधीच तक्रार येते. व्हॉर्टेक्समध्ये ‘डॅशबोर्ड’वरील साधनांच्या नोंदी याच रीतीने तपासाव्यात. त्याने आपोआप शोधलेली साधने बहुधा सावरली जातात, आपण हाताने जोडलेली मात्र आपणच सुधारावी लागतात.

काही साधने गेमचा पत्ता स्वतःच्या सेटिंगमध्येही ठेवतात. बॉडीस्लाइड या, पात्रांचे शरीर व कपडे घडवणाऱ्या साधनामध्ये गेमच्या ‘डेटा’ फोल्डराचा वेगळा रकाना आहे. तो जुनाच राहिला तर तयार झालेल्या फाइली जुन्या ड्राइव्हवर लिहिल्या जातात आणि गेममध्ये काहीच बदललेले दिसत नाही. डेस्कटॉपवरचे शॉर्टकटही असेच मागे राहतात, ते पुसून नवे केलेले सोपे. स्टार्ड्यू व्हॅली हा गेम स्टीममधून स्मॅपीसह (त्याचे मॉड चालवणाऱ्या प्रोग्रॅमसह) चालवत असाल, तर स्टीमच्या ‘लाँच ऑप्शन्स’मध्ये स्मॅपीचा पूर्ण पत्ता लिहिलेला असतो. तोही बदलावा लागतो.

शेवटची तपासणी

गेम मॅनेजरमधून सुरू करावा, स्टीममधून नव्हे. जुना सेव्ह उघडताना काही फाइली उपलब्ध नाहीत अशी सूचना आली, तर तो सेव्ह पुढे चालवू नये आणि त्यावर नवा सेव्हही करू नये. बाहेर पडून मॅनेजरमधील प्लगइनची (गेम उघडताना वाचतो त्या मॉड-फाइलींची) यादी पाहावी. सूचना आली नाही, तर मॅनेजरमध्ये परतून, डोळ्यांना सहज दिसणारा एखादा साधा पोतबदलाचा मॉड बंद करावा (व्हॉर्टेक्स असेल तर पुन्हा डिप्लॉय करावे) आणि गेममध्ये तो बदल खरोखर गेला आहे का ते पाहावे. मॅनेजरचा हात नव्या फोल्डरापर्यंत पोहोचतो आहे, हे नुसता गेम चालण्यावरून कळत नाही, या चाचणीवरून कळते. तो मॉड पुन्हा चालू करावा आणि मगच जुन्या ड्राइव्हवर उरलेला फोल्डर पुसावा.