अमेरिकन फ्रंटियरचा इतिहास मुलांना शिकवायचा तर एकच जागा धरा

अमेरिकेत मुलं चौथी-पाचवीत गेली की शाळेत वेस्टवर्ड एक्सपान्शन, म्हणजे गोऱ्या वस्तीचं पश्चिमेकडे पसरणं, येतं. ओरेगॉन ट्रेल, गोल्ड रश, होमस्टेड ॲक्टची १६० एकर जमीन, रेल्वे, आणि मधेच कुठेतरी एका चौकटीत नेटिव्ह अमेरिकन लोक. मग घरी आपण एकतर पुस्तकातलंच पाठ करून घेतो, नाहीतर एकदम दुसऱ्या टोकाला जाऊन "गोऱ्यांनी सगळं लुटलं" एवढं सांगून मोकळे होतो. दोन्ही वेळा मुलाच्या डोक्याला काही कामच राहत नाही, आणि मला हे खरंच खटकतं, कारण नऊ-दहा वर्षांची मुलं यापेक्षा कितीतरी जास्त समजू शकतात.

माझं म्हणणं असं की अख्खा शंभर वर्षांचा इतिहास घेऊच नका. ब्लॅक हिल्स हे डोंगर घ्या, साउथ डकोटामधले, आणि १८६८ ते १८७७ एवढाच काळ. नऊ वर्षं. सगळ्यांची बाजू यात सापडते आणि मूळ कागद नेटवर फुकट मिळतात.

सुरुवात नकाशापासून करा, गोष्टीपासून नको. १८६८ चा फोर्ट लॅरमीचा तह, त्यात आजच्या साउथ डकोटाचा मिसुरी नदीच्या पश्चिमेचा भाग, ब्लॅक हिल्स धरून, लाकोटा या नेटिव्ह अमेरिकन लोकांसाठी राखून ठेवला होता. मुलाला ती हद्द स्वतः पेन्सिलने काढू द्या. मग तहाचं १२ वं कलम काढा. त्यात लिहिलंय की यातली जमीन पुढे कधी द्यायची झाली तर त्यांच्यातल्या प्रौढ पुरुषांपैकी तीन चतुर्थांश लोकांच्या सह्या लागतील. आणि १८७६-७७ मध्ये सरकारने ब्लॅक हिल्स घेतले तेव्हा सह्या होत्या साधारण दहा टक्के लोकांच्या. इथे थांबा, काही समजावून सांगू नका. कागदावर शंभर टिंबं काढा, पंचाहत्तर रंगवायला सांगा, शेजारी दुसरी शंभर काढून त्यातली दहा रंगवायला सांगा. फ्रॅक्शन्स शिकलेलं मूल दोन मिनिटांत तोंड वर करून विचारतं की मग हे चाललं कसं. हा प्रश्न त्याचा त्याला पडला पाहिजे, आपण तोंडात घालायचा नाही.

आता लगेच दुसरीकडे न्या, नाहीतर तिथेच निकाल लागून बसतो. १८७३ मध्ये अमेरिकेत मोठी मंदी आली, बँका बुडाल्या, कामं गेली. १८७४ मध्ये कस्टर नावाचा आर्मीचा अधिकारी हजारेक माणसं घेऊन ब्लॅक हिल्समध्ये गेला आणि सोनं सापडल्याची बातमी पेपरात आली. समजा एक माणूस आहे, काम गेलंय, घरी पोरं आहेत, आणि पेपरात छापलंय की डोंगरात सोनं आहे. तो जाईल का? तह त्याने वाचलाय का? आणि ज्यांनी वाचला होता, म्हणजे सरकार आणि आर्मी, त्यांनी त्याला अडवायला हवं होतं का? सुरुवातीला आर्मीने थोडंफार अडवलं पण, मग सोडून दिलं. या प्रश्नावर माझ्या मते सगळ्यात जास्त वेळ द्यावा, कारण इथे मुलांना कळतं की एखाद्याची अडचण खरी असू शकते आणि तरीही त्याने केलेलं चुकीचं असू शकतं.

मग आर्मी विरुद्ध लाकोटा आणि त्यांच्या सोबतची शायेन जमात ही लढाई, म्हणजे २५ जून १८७६, मोंटानातलं लिटल बिगहॉर्न. कस्टर आणि त्याच्या तुकडीतली २०० च्या वर माणसं मारली गेली. इथे गोष्ट सांगण्याऐवजी दोन चित्रं शेजारी ठेवा. एक १८९६ मध्ये एका मोठ्या बिअर कंपनीने छापून अमेरिकाभर दारूच्या गुत्त्यांमध्ये लावलेलं, त्यात कस्टर मधोमध उभा, हातात तलवार उगारलेली. दुसरं रेड हॉर्सचं. हा लाकोटांच्या मिनेकोंजू शाखेतला, स्वतः त्या लढाईत होता, आणि १८८१ मध्ये एका आर्मी डॉक्टरच्या सांगण्यावरून त्याने ४२ चित्रं काढली, ती आता स्मिथसोनियन संग्रहालयाकडे आहेत. त्यात मधोमध असा हिरोच नाही, घोडेच घोडे आणि माणसांची गर्दी. मुलांना एवढंच विचारा, कोण मोठं दिसतंय, कोणाचा चेहरा दिसतोय, चित्र काढणारा तिथे होता का. मग सांगा की त्या मोहिमेत सैनिकांनी तलवारी मागेच ठेवल्या होत्या. मुलांना हे जाम आवडतं, परत पहिल्या चित्राकडे जाऊन बघतात. एक काळजी घ्या, रेड हॉर्सच्या काही चित्रांत तुकडे केलेली प्रेतं आहेत, तेव्हा आधी स्वतः बघून घोड्यांची आणि तंबूंची चित्रं निवडा.

आता महत्त्वाचं, दोनच बाजू करू नका. कस्टरला वाट दाखवणाऱ्या स्काउट्समध्ये क्रो जमातीचे लोकही होते, कारण लाकोटांनी क्रो लोकांचा शिकारीचा मुलूख घेतला होता आणि त्यांचं जुनं वैर होतं. कस्टरच्या सैनिकांतले कितीतरी आयर्लंड आणि जर्मनीहून आलेले, काही धड इंग्लिश न येणारे, पगारासाठी भरती झालेले. आणि जे सगळ्या नेटिव्ह लोकांना एकाच पोत्यात भरतात त्यांच्यासाठी तर क्रो लोकांचं उदाहरण पुरे आहे. मुलाला यातला एक जण निवडून लढाईच्या आदल्या दिवशीचं म्हणजे २४ जूनचं पत्र लिहायला सांगा, अट एकच, त्या माणसाला त्या दिवशी माहीत नसलेली गोष्ट पत्रात आली नाही पाहिजे. पिसं लावून, बंदुका घेऊन नाटक मात्र अजिबात नको. जमातीची माणसं आज जिवंत आहेत, त्यांची मुलं कदाचित तुमच्या मुलाच्या वर्गात असतील, आणि कोणाचं मरण खेळायला देऊ नये असं मला मनापासून वाटतं.

आणखी एक, "प्रत्येकाचं आपलं आपलं खरं" असं म्हणून सोडून देऊ नका. वहीत दोन रकाने करा, एकात जे कागदावर आहे ते (तह, सह्या, तारखा), दुसऱ्यात कोणाला काय वाटलं ते. तह मोडला हे पहिल्या रकान्यात जातं, त्यावर वाद नाही.

उन्हाळ्यात आपली बरीच मंडळी माउंट रशमोर आणि यलोस्टोन करतात. रशमोर ब्लॅक हिल्समध्येच आहे, हे मुलांना गाडीतच सांगा. वाटेत लिटल बिगहॉर्नला थांबा, क्रो रिझर्व्हेशनमध्ये, म्हणजे क्रो जमातीच्या राखीव जमिनीत आहे ते. सैनिक पडले तिथे पांढरे संगमरवरी दगड १८९० मध्ये लावले, आणि लाकोटा, शायेन योद्ध्यांसाठी लाल ग्रॅनाइटचे दगड १९९९ पासून. मुलांना वजाबाकी करू द्या.

शेवटचा प्रश्न मोठ्या मुलांसाठी, सहावीच्या पुढे. १९८० मध्ये सुप्रीम कोर्टाने निकाल दिला की ब्लॅक हिल्स घेतल्याची भरपाई द्यावी लागेल, व्याजासकट १० कोटी डॉलर्सच्या वर. लाकोटांनी पैसे घेतले नाहीत, आम्हाला डोंगर हवेत म्हणाले, आणि ती रक्कम आता व्याज धरून १ अब्ज डॉलर्सच्या वर गेलीय. घ्यावेत का? आमच्या घरी यावर जेवणाच्या टेबलावर जोरदार भांडण होतं आणि मी मधे पडत नाही. शाळेत सोशल स्टडीजचा प्रोजेक्ट असेल तर हाच विषय सुचवा, फक्त पोस्टर करण्याआधी तो शंभर टिंबांचा कागद सोबत लावायला सांगा.